बांधाखालच्या चार वाडवणी

१

वैशाख पौर्णिमेची भरती ओसरली आणि खारण्याच्या बांधाच्या वळणाशी, नदीच्या बाजूच्या चिखलात, भिकाजी पालथा पडलेला दिसला. गळ्यात तुळशीची माळ तशीच होती. हाताशेजारी उर्राकाची अर्धी बाटली उभी होती. कोणीतरी नीट ठेवावी तशी उभी.

खारणे म्हणजे पेडण्यातलं, तेरेखोल नदीच्या काठचं लहानसं गाव. एका बाजूला नदीचं खारं पाणी, दुसऱ्या बाजूला खाजनातली, म्हणजे खारं पाणी अडवून काढलेल्या जमिनीतली, भातशेती आणि शेतीला लागून अकरा घरांचा खालचा वाडा. मधे मातीचा बांध. भरतीच्या वेळी नदी या अकरा घरांच्या उंबऱ्यापेक्षा उंच असते. माणसं चुलीशी जेवत असतात आणि डोक्यापलीकडे नदी चढत असते. बांध आहे म्हणून जेवण घशाखाली उतरतं.

या बांधाला एक मानस आहे, म्हणजे लाकडी दारांची मोरी. ओहोटीला ती आतलं पाणी बाहेर सोडते, भरतीला नदीला आत येऊ देत नाही. मानशीची राखण भिकाजीकडे होती. तो मूळचा सिंधुदुर्गातला, पण बावीस वर्षं खारण्यात राहिलेला. त्याला लिहिता-वाचता येत नव्हतं.

पेडण्याहून हवालदार आला, बाटली बघितली आणि पिऊन पडला असं लिहून गेला. बांधाच्या कमिटीचे सेक्रेटरी रघुनाथबाब यांनी पाण्याची वही पुढे केली. वहीत पाणी महिनोन्‌महिने जागच्या जागी होतं. बांधाला काही झालेलं नाही, माणूसच तोल जाऊन पडला, असं सगळ्यांनी मान्य केलं.

भिकाजीची बायको रुक्मिणी तेवढी म्हणाली, "तेंनी दारूक कधी हात लावूक नाय." पण विधवेच्या अशा बोलण्याला लोक मान डोलावतात आणि पुढे जातात.

२

कमलाक्षीबाई डिचोलीहून आल्या तेव्हा कृष्ण द्वादशी होती. डिचोलीच्या शाळेत तीस वर्षं त्यांनी गणित शिकवलं, आणि त्याच तीस वर्षांत पेडणे-डिचोलीच्या देवळांतून चिपळ्या घेऊन कीर्तनं केली. पदर खोचून नमन म्हणायला उभ्या राहिल्या की मागच्या ओळीतले विडी ओढणारेसुद्धा विडी विझवत. खारण्यात त्यांच्यामागे झांज धरायची ती भिकाजीने. त्याच्या झांजेचा ठेका बावीस वर्षांत एकदाही सरकला नव्हता. त्या माणसाने बाटली घेऊन रात्री बांधावर तोल घालवला, हे त्यांच्या कानाला बसेना.

त्या रुक्मिणीला भेटायला आल्या. घर बांधापासून तीस पावलांवर, खालच्या वाड्यात शेवटचं. मुलगा सागर तुयेच्या कारखान्यात पाळीवर गेला होता. सून सायली अडीच महिन्यांच्या बाळाला मांडीवर घेऊन बसली होती. रुक्मिणी पडवीतला केर काढत होती. हातात नारळाच्या हिरांची वाडवण होती, पण ती जमिनीला नीट टेकतच नव्हती. काही हीर पुढे, काही मागे. प्रत्येक फटकाऱ्यामागे धुळीचे पट्टे राहत होते.

"ही कसली गे वाडवण?" कमलाक्षीबाईंनी सहज विचारलं.

"तेंच्याच हिरांची," रुक्मिणी म्हणाली. "हल्लीच्या सगळ्या अशाच. आधीच्या बऱ्या होत्या."

मग बांधाचं बोलणं निघालं. तीन दिवसांवर अमावास्या. अमावास्येची भरती पौर्णिमेइतकीच मोठी, आणि ती दिवसा साडेदहा-अकराला भरणार. भिकाजी जायच्या आठ दिवस आधीपासून म्हणत होता की बांधाचं काही खरं नाही, अमावास्येला वाडा रिकामा करायला हवा. आता त्याचं कोण ऐकणार? पावसाळ्याची लाकडं, पेरणीचं बियाणं, शेरडं, सगळं घरात भरलेलं. बेवड्याच्या शब्दावर अकरा घरं कोण हलवील? वही सांगत होती, बांध ठीक आहे.

सायलीने बाळाच्या टाळूला तेल लावलं आणि हळूच विचारलं, "बाय, तुम्ही शिकलेल्या. आम्ही अमावास्येक इथेच ऱ्हावचा की नाय?"

"आधी बांध बघून येते," म्हणत कमलाक्षीबाईंनी काठी उचलली.

३

संध्याकाळी त्या बांधावरून चालत वळणापर्यंत गेल्या. मानशीपासून शंभरेक पावलं. वाटेवरची माती जुनी, गवताने बांधलेली. वळणावर मात्र दोन हातांचा तुकडा ताज्या लाल मातीने भरलेला होता. त्यांनी काठी आपटली. आधी बांध दगडासारखा घट्ट वाजत होता. इथे तो पखवाजाच्या सैल झालेल्या धुम्यासारखा घुमला.

त्या तशाच मागे सरल्या. मन म्हणालं, देवा, भिकाजी इथेच उभा होता.

मागून आवाज आला. "कीर्तन सोडून पोलिसीण झालात, बाय?"

गुरुदास होता. मानशीवरच्या मासळीचा ठेका त्याच्याकडे, आणि दार जास्त वेळ उघडं ठेव म्हणून त्याचं आणि भिकाजीचं भांडण साऱ्या गावाने ऐकलेलं. खारं पाणी आत आलं तर मासळी वाढणार, म्हणजे फायदा कोणाचा हे लहान पोरानेही सांगितलं असतं. गुरुदास ते जाणून होता, म्हणूनच आधीच चिडलेला होता. त्याने सांगितलं की ठेका त्याला पाडव्याला मिळाला, त्याआधी तीन महिने तो मालवणला बहिणीकडे होडी बांधत होता. पाडव्याला येऊन पहिलं जाळं टाकलं तर आतल्या गोड्या पाण्यात खाऱ्या पाण्यातली शेवटे मासळी नाचत होती.

"मी देवाचे आभार मानले," तो म्हणाला. "कुठून आली म्हणून विचारलं नाही. ते मात्र माझं चुकलं."

कमलाक्षीबाईंनी ताज्या मातीकडे बोट केलं. गुरुदासने खांदे उडवले. भिकाजी सापडला त्या सकाळी लोक जमायच्या आधीच ती माती पडलेली होती, असं तो म्हणाला. कुर्ल्यांची बिळं बुजवली असतील.

"कोणी?"

"बांधाची माती कमिटीच टाकते. दुसऱ्या कोणाला हात लावायची मुभा नाही."

४

रघुनाथबाबांचं घर टेकाडावर, लाल ओट्याचं. सहा दिवसांनी गोव्याला राज्य मिळणार होतं म्हणून ओट्यावर रंगीत पताका कातरून ठेवल्या होत्या. घरात बोलायचं कोकणी, कीर्तन ऐकायचं मराठीत आणि सह्या करायच्या रोमी लिपीत, अशा पिढीतला हा माणूस. देवळातल्या कीर्तनाची बिदागी दरवर्षी तोच देई. त्याने कमलाक्षीबाईंना बसायला कदेल दिली, कोपभर सरबत दिलं, आणि भिकाजीबद्दल बोलताना त्याचे डोळेही भरले.

पाण्याची पद्धत त्याने समजावून सांगितली. भिकाजी अडाणी, म्हणून त्याच्या हिशेबाने सोय केलेली. रोज सूर्य उगवला की तो मानशीच्या आडव्या तुळईला एक हीर लावी, पाण्यापर्यंत खाली सोडी आणि पाणी लागेल तिथे मोडी. म्हणजे हीर आखूड तर पाणी वर, हीर लांब तर पाणी खाली. महिन्याच्या अमावास्येला तीस हिरांची जुडी घेऊन येई. कृष्णनाथ गवंडी पट्टी लावून एकेक हीर मोजून इंच सांगे, रघुनाथबाब वहीत उतरवी, मग सरासरी काढून चिठ्ठी तालुक्याला पाठवी. साहेबांना फक्त सरासरी लागते.

"आणि हीर?"

"भिकाजीला परत. चुलीत जात असतील." तो मायेने हसला. "हिरांचं दुसरं काय होणार?"

वही त्याने आपणहून हातात ठेवली, घरी नेऊन निवांत बघा म्हणाला. अक्षर देखणं. माघ, फाल्गुन, चैत्र, आणि वैशाखाचे पौर्णिमेपर्यंतचे पंधरा दिवस. एकोणीस, वीस, एकवीस, वीस, वीस. पाणी म्हणजे जणू देवघरातलं तांब्यातलं तीर्थ.

"पौर्णिमेपर्यंतचं सगळं लिहिलेलं आहे," तो म्हणाला. "हवालदारालाही हेच दाखवलं."

निघताना त्याने जनेलाची झडप लावून घेतली आणि आतल्या अंधारातून म्हणाला, "भिकाजीला मी सांगत होतो, रात्रीचा बांधावर जाऊ नकोस म्हणून."

वाटेने उतरताना कमलाक्षीबाई वहीतले आकडे मनात घोळवत होत्या. अर्ध्या टेकडीवर त्या थांबल्या. आज द्वादशी होती. महिन्याची जुडी अमावास्येला मोजतात. मग वैशाखातले हे पंधरा हीर मोजले कोणी?

५

दुसऱ्या दिवशी सकाळी त्या कृष्णनाथकडे गेल्या. तो दारात बसून करणी घासत होता आणि सकाळचीच घेतलेली होती. भिकाजीशेजारची बाटली याच्याकडची, असं गाव कुजबुजत होतं. उर्राक आपला असेल, बाटली आपली असेल, पण ती तिथे ठेवली कोणी ते ठाऊक नाही, असं तो म्हणाला. ओट्यावर विसरली होती. कुठल्या ओट्यावर, ते आठवत नाही.

हिरांबद्दल मात्र त्याला एक आठवलं. सगळे हीर सारखे नव्हते. आकडे लहान-मोठे येत होते.

"मी पट्टी धरून सांगितलं, बाय. तर रघुनाथबाब म्हणाले, कृष्णनाथा, आज जास्त झालीया. मला वाटलं, झाली असेल."

वैशाखाची जुडी त्याने पाहिलीच नव्हती.

त्याच्या शब्दाला गावात किंमत शून्य. हे कमलाक्षीबाईंना कळत होतं आणि ज्याने हे घडवलं त्यालाही कळत असणार.

त्या रुक्मिणीच्या पडवीत येऊन टेकल्या. रुक्मिणी तीच वाडवण घेऊन अंगण झाडत होती, आणि तेच पट्टे मागे राहत होते. कमलाक्षीबाई ते पट्टे बघत राहिल्या. मग एकदम उठून तिचा हात धरला.

"रुक्मिणी, 'तेंच्याच हिरांची' म्हणालीस तू. कुठल्या हिरांची?"

"तेच ते. मोजून झाले की घेवन येत. मी फेकूक देय ना. महिन्याची एक वाडवण." तिने वर बोट केलं. वाशाला आणखी दोन लटकत होत्या, शेजारी एक सुटी जुडी. "ही चैत्राची. ती माघाची, ती फाल्गुनाची. आणि ते पंधरा बांधूकच नाय. ते गेले ना मगे."

चारही जुड्या. एकही हीर चुलीत गेला नव्हता. पुरुषाने कधी घर झाडलं असतं तर त्याला हे सुचलं असतं.

कमलाक्षीबाईंनी सायलीकडून शिलाईची टेप मागून घेतली आणि दार लोटायला सांगितलं.

६

त्यांनी वाडवणी सोडल्या. जाड बूड एका रेघेत लावून हीर जमिनीवर मांडले. माघाच्या हिरांची टोकं जराशी वरखाली. फाल्गुनाची दातरलेली. चैत्राची टोकं अशी मागेपुढे पसरली की सायलीने बाळाला छातीशी घट्ट धरलं.

"गणित समजावून देऊ?" कमलाक्षीबाई म्हणाल्या. "कीर्तनापेक्षा सोपं आहे." त्यांनी वहीतले चैत्राचे पहिले पाच आकडे घेतले, कोळशाने जमिनीवर लिहिले. एकोणीस, वीस, एकवीस, वीस, वीस. बेरीज शंभर, भागिले पाच, सरासरी वीस. मग चैत्राच्या जुडीतून पाच हीर उचलून मोजले. आठ, सत्तावीस, चौदा, एकतीस, वीस. बेरीज शंभर. सरासरी वीस.

"म्हणजे एकच झाला," रुक्मिणी म्हणाली.

"सरासरीला विचारलंस तर एकच. आता दुसरा प्रश्न विचार. प्रत्येक हीर विसापासून किती लांब भटकला? वर की खाली ते सोड, फक्त किती ते बघ." वहीतल्यांचं भटकणं एक, शून्य, एक, शून्य, शून्य. बेरीज दोन, पाचाने भागून इंचाचे चार दशांश. हिरांचं भटकणं बारा, सात, सहा, अकरा, शून्य. बेरीज छत्तीस, पाचाने भागून सात इंच आणि दोन दशांश. "याला विचलन म्हणतात. सरासरी सांगते पाणी कुठे राहतं. विचलन सांगतं ते किती तळमळतं."

रुक्मिणी त्या काळ्या आकड्यांकडे बघत राहिली. बांध धड असेल तर आतलं पाणी शांत राहतं. बांधाला भोक पडलं की भरतीला नदी आत येते, ओहोटीला बाहेर जाते. आतलं पाणी भरतीला वर, ओहोटीला खाली. वर-खालीची सरासरी मात्र तीच.

"जेवढा वर तेवढाच खाली," ती पुटपुटली. "तेंका ह्या दिसत होता. सांगूक येत नव्हता."

दुपारभर त्या मोजत होत्या. माघाचं विचलन दोन इंच, फाल्गुनाचं चार, चैत्राचं जवळजवळ सात. वैशाखाच्या पंधरा हिरांचं साडेनऊ. भोक महिन्यागणिक रुंदावत होतं. वहीत चारही वेळा इंचालाही पोचलं नव्हतं.

शेवटी त्यांनी तीस-तीस हिरांच्या बेरजा केल्या आणि वहीतल्या सरासरीशेजारी ठेवल्या. बघता बघता त्यांच्या हातातला कोळसा मोडला.

"काय झाला, बाय?" सायलीने विचारलं.

"उद्या देवळात सांगते. संध्याकाळी वाड्यातल्या सगळ्यांना घेऊन ये. बियाणंसुद्धा."

७

चतुर्दशीला दिवे लागायच्या आधी देऊळ भरलं. भिकाजीच्या नावाने कीर्तन आहे म्हटल्यावर आले, कमलाक्षीबाईंचा आवाज म्हणून आले, आणि वाड्यातल्यांनी पोती-शेरडांसकट का यावं याचं कुतूहल म्हणूनही आले. रघुनाथबाब पहिल्या रांगेत, उपरणं घेऊन.

नमन झालं. झांज धरायला कोणी नव्हतं, ती जागा रिकामी ठेवली होती. पूर्वरंगात त्यांनी कथा सांगितली ती दोन भावांची. एक रोज दोन घास जेवणारा, दुसरा एक दिवस उपाशी आणि एक दिवस चार घास. यमाचे दूत सरासरी काढून दोघांना एकच माणूस समजले, तेव्हा देवाने त्यांना कसं परत पाठवलं, हे ऐकून लोक हसले. मग हसणं हळूहळू थांबलं, कारण कमलाक्षीबाईंनी पदराआडून पुन्हा बांधलेल्या चार वाडवणी काढल्या, चौथी पंधराच हिरांची, आणि देवापुढच्या फरशीवर मांडल्या.

माघ, फाल्गुन, चैत्र, वैशाख. ज्याला आकडे कळत नव्हते त्यालाही टोकं दिसत होती. शेजारी वही उघडून ठेवली. काय मोजलं, कसं मोजलं, ते त्यांनी सावकाश सांगितलं.

रघुनाथबाब शांतपणे उठला. हीर घरात राहिले, कोणीही बदलले असतील, असं म्हणाला. मग कृष्णनाथकडे वळला. मोजणारा शुद्धीवर कधी असतो? त्याने चुकीचे आकडे सांगितले, आपण विश्वासाने उतरवले, एवढाच आपला दोष.

कृष्णनाथ खांबाशी उभा होता. त्याने मान खाली घातली. गुरुदासकडेही दोन-चार नजरा वळल्या.

कमलाक्षीबाईंनी चिपळ्या खाली ठेवल्या.

"गुरुदास पाडव्याला आला. भटकणं माघापासून आहे. त्याचा काही संबंध नाही. राहिला कृष्णनाथ. माघाच्या हिरांची सरासरी एकोणीस पूर्णांक नऊ दशांश, वहीत एकोणीस पूर्णांक नऊ. फाल्गुनाची वीस पूर्णांक एक, वहीत तीच. चैत्राच्या तीस हिरांची बेरीज सहाशे नऊ इंच, सरासरी वीस पूर्णांक तीन. वहीतल्या तीस आकड्यांची बेरीज सहाशे नऊ." त्या थांबल्या. "झिंगलेला माणूस तीस चुकीचे आकडे बोलून दशांशापर्यंत खऱ्या सरासरीवर कसा उतरेल? तेही तीनदा? खोटं लिहिणाऱ्याने आधी खरे आकडे ऐकले, खरी बेरीज केली, आणि त्या बेरजेत बसतील असे शांत आकडे रचले. साहेब सरासरी बघतो, म्हणून सरासरी तेवढी जपली. कृष्णनाथाच्या हातात पट्टी होती. लेखणी कोणाच्या हातात होती?"

रघुनाथबाबाने उपरणं सावरलं.

"आणि हीर नंतर बदलले म्हणता, तर तीन महिन्यांच्या बेरजा तुमच्या वहीशी जुळवायला अडाणी रुक्मिणीने तुमची वही वाचली असेल. वैशाखाचं सांगू? या पंधरांची सरासरी सतरा पूर्णांक चार. वहीत वीस पूर्णांक दोन. एवढा एकच महिना जुळत नाही. कारण हे हीर तुमच्याकडे आलेच नव्हते. भिकाजी गेला, जुडी घरी राहिली, आणि हवालदाराला दाखवायला तुम्ही पंधरा दिवस मनाने लिहिले. बेरीज जपायला या खेपेला खरे आकडे नव्हते."

उपरणं खांद्यावरून घसरलं, ते त्याने उचललं नाही. "हा सगळा पाटीवरचा खेळ," तो म्हणाला. "बांध ठीक आहे."

"असेल. देव करो आणि असो." कमलाक्षीबाईंचा आवाज इतका मऊ झाला की मागच्यांना पुढे वाकावं लागलं. "मग एक करा. उद्या अमावास्या. साडेदहाला भरती भरेल. बांधाच्या वळणावर, त्या नव्या मातीवर, तुमची कदेल टाकून बसा. मांडीवर वही घ्या. भरती उतरेपर्यंत तुम्ही बसलात तर मी देवासमोर नाक घासून माफी मागेन, आणि हा वाडा पुन्हा आपापल्या घरी जाईल."

सगळं देऊळ त्याच्याकडे बघत होतं. सायलीच्या कुशीत बाळ कुरकुरलं आणि गप्प झालं.

"नाही," रघुनाथबाब म्हणाला.

तो खाली बसला तो बसलाच. मग त्याच्या तोंडून जे आलं ते तुकड्यातुकड्याने आलं. माघात कोळंबीचा मळा करायचा म्हणून वळणाखालून आपल्या शेतात सिमेंटचा नळ घातला. खारं पाणी शिरलं की कुळं आपणहून शेत सोडतील, असा बेत. नळाभोवतीची माती वाहून जाईल हे ध्यानात आलं नाही, आलं तेव्हा उशीर झाला होता. पौर्णिमेच्या संध्याकाळी भिकाजी ओट्यावर येऊन हिरांचं सांगू लागला. कृष्णनाथची बाटली तिथेच होती.

"मी त्याला हात लावला नाही," तो म्हणाला. "एवढंच म्हटलं, वळणावर उभा राहून बघ, कुठे पाझरतंय का. पोकळ आहे हे मला ठाऊक होतं. पहाटे माती भरली आणि बाटली शेजारी ठेवली."

रुक्मिणी लोकांतून पुढे आली. ती त्याला मारील असं सगळ्यांना वाटलं. तिने फरशीवरच्या वाडवणी गोळा केल्या, एकही हीर मागे न ठेवता, आणि झांजेच्या रिकाम्या जागेवर नेऊन ठेवल्या.

८

अमावास्येला वाड्यातली सगळी माणसं देवळाच्या टेकाडावर उभी होती. गुरुदासने आपल्या माणसांना लावून शेवटची शेरडं वर आणली होती. रघुनाथबाब पहाटेच पेडण्याला गेला होता, दोन शिपायांच्या मधे.

पाणी चढत होतं. वाऱ्याचा पत्ता नव्हता, आकाश निरभ्र होतं. नदी नुसती फुगत होती. साडेदहाला ती बांधाच्या गळ्याशी आली. अकराला पाच कमी असताना वळणावरची लाल माती एकदा थरथरली आणि खाली बसली, जमिनीखालून कोणी पाट ओढून घ्यावा तशी. मग तिथून नदी आत आली. आवाज टेकाडापर्यंत पोचायला क्षणभर लागला. रुक्मिणीचं घर सगळ्यांत आधी गेलं. पडवी, वासे, तुळस, जमिनीवरचे कोळशाचे आकडे. अर्ध्या तासात अकरा छपरं पाण्यातून वर दिसत होती आणि त्यांच्याखाली कोणी नव्हतं.

कोणी रडलं नाही. म्हातारेकोतारे एकमेकांना मोजत होते, पुन्हा पुन्हा, प्रत्येक वेळी आकडा पूर्ण येत होता.

सायलीने बाळ कमलाक्षीबाईंच्या हातात दिलं आणि सासूकडे पाहिलं. रुक्मिणी तिथे नव्हती. ती टेकाडाच्या बाजूने बांधावरून मानशीवर गेली होती. मानस उंचवट्यावर, दगडात बांधलेली, ती तग धरून उभी होती. सूर्य उगवून पाच तास उलटले होते, मोजायची वेळ टळून गेली होती. तरी तिने कमरेला खोचलेला हीर काढला, जाड बूड तुळईला लावलं, खाली सोडला आणि पाणी लागलं तिथे मोडला.

दोन बोटांएवढा तुकडा हातात राहिला. तिने तो पदराच्या टोकाला बांधला, वैशाखाच्या जुडीत ठेवायला.